शेनसाहेबांचा एकच टेक

अमेरिकेतल्या सनीव्हेलच्या त्या अपार्टमेंटमध्ये लोक एकमेकांना ओळखतात ते गाडीवरून. त्यामुळे समोरच्या बिल्डिंगमधले त्र्याण्णव वर्षांचे शेनसाहेब एकेकाळी हाँगकाँगच्या स्टुडिओत सिनेमे काढत होते, हे कुणाच्या गावीही नव्हतं. ते शोधून काढलं सुनेत्राबाईंनी. नागपूरहून पाच महिन्यांसाठी मुलाकडे आलेल्या बाईला दिवसभर दुसरा उद्योग तरी काय असणार?

साहेबांना इंग्रजी बेताचंच. त्यांची मुलगी ग्रेस दुभाष्याचं काम करी, आणि तिच्याकडून कळलेली हकिगत अशी. शेनसाहेब स्टुडिओत पहिल्यांदा शिरले ते हातात टेप घेऊन. मोजायची टेप! कॅमेऱ्याच्या भिंगापासून हिरॉइनच्या नाकापर्यंतचं अंतर मोजायचं, म्हणजे चेहरा धूसर येत नाही. सहा वर्षं त्यांनी नाकं मोजली. मग कॅमेरा हाती आला आणि बावीस सिनेमे झाले. तेविसाव्यात हीरोची आणि दिग्दर्शकाची अशी जुंपली, की दिग्दर्शक टोपी उचलून चालता झाला. घायकुतीला आलेल्या प्रोड्यूसरने कॅमेरामनकडे बोट दाखवलं, "कोण कुठे उभं आहे हे तुलाच माहीत. आता काय बोलायचं तेही तूच सांग." झाले दिग्दर्शक! असे नऊ सिनेमे त्यांनी काढले. पुढे स्टुडिओच बंद पडला. अमेरिकेत येऊन साहेबांनी सत्तावीस वर्षं फोटोच्या दुकानात लोकांच्या वाढदिवसांचे फोटो धुतले. त्याचं दुःख नव्हतं. केकवर उजेड भलत्या बाजूने पडलाय, एवढंच त्यांना खुपे.

सुनेत्राबाईंचीही अशीच एक मागची गोष्ट होती. राज्य नाट्यस्पर्धेत सलग तीन वर्षं अभिनयाचं बक्षीस, आणि अठ्ठाविसाव्या वर्षी सगळं बंद. का, असं कुणी विचारलंच तर त्या सांगत, "यांची बदली झाली ना गडचिरोलीला." मुलाने, सिद्धेशने, आईला स्टेजवर कधीच पाहिलं नव्हतं. ती नाटकाचं काही सांगू लागली की तो लॅपटॉपवरची नजर न काढता म्हणे, "हो का?" त्या 'हो का'चा बाईंना मनापासून राग यायचा. म्हणून महाराष्ट्र मंडळाने तीन मिनिटांच्या एकपात्री फिल्मची स्पर्धा जाहीर केली, तेव्हा त्यांनी ठरवलं, पोराला आता दाखवायचंच. संहिता स्वतः लिहिली. चाळीस वर्षं स्वयंपाक केल्यावर घरच्यांकडे एक दिवसाची रजा मागणारी बाई. दिग्दर्शक अर्थात शेनसाहेब.

साहेबांना मराठीचं अक्षर कळत नव्हतं. पण बाईंनी जरा कुठे शेवटच्या रांगेसाठी आवाज चढवला, की ते खुर्चीतून ओरडत, "नो!" आणि बाई मनातल्या मनात चरफडत, कारण म्हातारा दर वेळी बरोबर असे. दोन आठवडे नुसती तालीम चालली. सिद्धेश वैतागला.

"आई, डिजिटल आहे हे. दहा टेक घेऊ, नको ते डिलीट करू. त्यांना सांग ना यार कुणीतरी."

ग्रेसने सांगितलं. उत्तर आलं, "फिल्म महाग असते. टेक एकच."

तो टेक ठरला शेवटच्या दिवशी. रात्री आठला स्पर्धेची मुदत संपत होती आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बाईंचं विमान होतं. अपार्टमेंटच्या पार्किंगमध्ये संध्याकाळी जेमतेम दहा मिनिटं साहेबांच्या मनासारखा उजेड पडायचा. सिद्धेशचा फोन ट्रायपॉडवर चढला. फोनपासून बाईंच्या नाकापर्यंत टेप धरून साहेबांनी अंतर मोजलं. फोन स्वतःच फोकस करतो, हे त्यांना सांगायची छाती कुणाला झाली नाही. सिद्धेशला त्यांनी गाडीच्या काचेला लावायचा चंदेरी पडदा घेऊन बाजूला उभं केलं, म्हणजे उजेड आईच्या गालावर पडेल. मग ते खुर्चीत बसले, "कॅमेरा!" म्हणाले, क्षणभर थांबले, आणि म्हणाले, "ॲक्शन!"

बाई बोलू लागल्या. पहिल्या दोन वाक्यांत जरा अडखळल्या. मग पार्किंग, विमान, स्पर्धा, सगळं विसरून गेल्या. रजेचं कारण सांगायला म्हणून त्यांनी तोंड उघडलं, आणि आपल्याला कारणच आठवत नाही हे रजा मागणाऱ्या त्या बाईच्या लक्षात आलं. त्या नुसत्या उभ्या राहिल्या. संहितेत हे नव्हतं. साहेबांनी थांबवलं नाही. बऱ्याच वेळाने त्या हसल्या आणि म्हणाल्या, "राहू द्या, मग सांगते. दूध उतू जाईल."

"कट!"

सिद्धेश धावत फोनपाशी गेला. त्याने खाली-वर, मागे-पुढे सगळं पाहिलं आणि त्याचा चेहरा पडला. "रेकॉर्डच नाही झालं! बटण दाबलंच नाही कुणी! मला वाटलं, काकांनी दाबलं!"

शेनसाहेब चिनीत भराभरा बोलू लागले. ग्रेस सांगू लागली. त्यांच्या स्टुडिओत दिग्दर्शकाने कॅमेऱ्याचं बटण दाबणं म्हणजे कॅमेरामनचा अपमान. दिग्दर्शक झाल्यावर पहिल्या दिवशी त्यांनी सवयीने दाबलं होतं, तर कॅमेरामन चार महिने बोलला नव्हता. तेव्हापासून ते "कॅमेरा!" म्हणतात आणि कुणीतरी दाबेल म्हणून थांबतात. एवढं सांगून साहेबांनी सुनेत्राबाईंपुढे मान खाली घातली, ती वर करीनात.

"काही हरकत नाही, आई. घरात लाईट लावतो. अजून दीड तास आहे, पुन्हा कर."

"नाही रे, आता नाही व्हायचं." बाई फुटपाथच्या कडेला बसल्या. फार वाईट वाटलं त्यांना, अगदी रडू यावं इतकं. "तू बघितलंस ना पण?"

सिद्धेशच्या हातात पूर्ण वेळ तो पडदा होता. आईकडे बघण्यावाचून त्याला दुसरं काही करताच आलं नव्हतं. तो तिच्या शेजारी बसला.

"आई, तू हे सोडलंस कशाला?"

बदलीचं उत्तर ओठांवर आलं होतं. पण आत्ताच खरं बोलून झाल्यावर लगेच खोटं जमेना.

"चौथ्या वर्षीच्या फायनलला तू पोटात होतास. सहावा महिना. माझा रोल दुसरीला दिला. मग तू झालास. आणि मग काय, तू होतासच."

सिद्धेशने फोन हातात घेतला आणि आईचं उद्याचं तिकीट पुढे ढकलता येतं का, ते बघू लागला.