कुरळ्या बेसीचा वाटा

कुंपणापाशी दोघं भांडत होते आणि थिर्झा आत कपडे पिळता पिळता हात थांबवून ऐकत होती. एक तिचा नवरा जेबेझ. दुसरा शेजारचा एमस. गावातला कुरळ्या केसांचा एकुलता एक नर डुक्कर त्याच्याकडे होता.

“खाटकाला देऊन टाकलास? आणि सांगायचं नाही?”

“कुणाला सांगू? सहा महिने माझ्याशी बोलणं तूच टाकलं होतंस. लोकांना चरबी नको झालीय, जेबेझ. त्याला काय पूजेला ठेवू?”

“आठ दिवस आधी बोलला असतास, तर एक पिल्लू तरी राखलं असतं रे.”

ते थिर्झाला लागलं. आठच दिवसांपूर्वी त्यांच्या कुरळ्या डुकरिणीची, बेसीची, तिन्ही नर पिल्लं खच्ची केली होती, आणि मांडीवर घट्ट धरली होती ती थिर्झानंच. लिंकनशायरच्या त्या सखल मुलखात रीतच तशी. नराच्या मांसाला वास मारतो, म्हणून घरी नर ठेवायचा नाही. गावाला एक पुरतो. दुसऱ्याकडे आहेच की, असं प्रत्येक गावाला वाटत राहिलं.

थिर्झानं चार बाजार पालथे घातले. मेंढरासारखी लोकर असलेला नर कुठंच उरला नव्हता. एक दलाल म्हणाला, “आजी, डुकरीण आहे की मेंढी? आमचा सडपातळ नर लावून घ्या.”

“पिल्लं होतील, बाबा. पण कुरळी नाही व्हायची.”

पुढं जेबेझ वारला. बेसीचे मागचे पाय धरले, तिला उठवेना. मग उतरत्या चंद्रात मांस आटतं म्हणून, चंद्र वाढता बघून तिला कापायचा दिवस ठरवला. त्या सकाळी डुकराला उपाशी ठेवतात. थिर्झानं मात्र तिला उकडलेले गरम बटाटे घातले. खाटीक रागावला. “रागव,” ती म्हणाली, आणि बेसीचे कान खाजवत बसली.

दुपारी तिनं ताटल्या भरल्या. कलेजी, गुर्दा, वर चरबीची जाळी. सात घरं, दरवर्षी वाटा जाणारीच. शेवटचं घर एमसचं.

तो ताटलीकडे बघत राहिला. “आता कुरळं डुक्कर कुणाकडेच नाही ना गं?”

“नाही.”

“मी तेव्हा जर...”

“आजच खा, एमस. कलेजी थांबत नाही. आणि ताटली धुऊ नकोस.”

धुतली की देणाऱ्या घरचं खारवलेलं मांस नासतं, ही समजूत त्याला का ठाऊक नव्हती? पण ती दरवेळी सांगायचीच. त्यानं वाटा काढून घेतला, ताटली तशीच रक्ताळलेली परत दिली. ती फडक्याखाली झाकून थिर्झा उरलेल्या मांसाला मीठ चोळायला घरी निघाली.