चित्रं कापणारा तानाका

म्हाताऱ्यांकडे किस्से साठतात, फ्रीजमधल्या उरलेल्या भाजीसारखे. टाकवत नाहीत, आणि सुनेला वाढायला गेलं तर ती म्हणते, "बाबा, नको!" म्हणून लिहितोय. मी चौथी पास. चुका काढणाऱ्यांनी पुढे वाचू नये.

इथे अमेरिकेत, शिकागोजवळच्या शॉमबर्गच्या मॉलमध्ये सकाळी आम्ही तिघं चालतो. मी, वसंतराव आणि जपानचा तानाका. वसंतरावांची बायको, शैलावहिनी, गेल्या वर्षी गेली. तिचा एकच व्हिडिओ आहे. त्यात ती वळून बघते न बघते, तोच संपतो! वसंतराव तानाकाच्या मागे लागलेले, "यार, एवढं जरा लांबव ना."

तानाका म्हणायचा, "मला कापता येतं. लांबवता नाही येत."

*

हा तरुणपणी जपानमध्ये कार्टूनची फिल्म कापायचा. कात्रीने! बाकीचे मान मोडून चित्रं काढणार, आणि हा कापून फेकणार.

मी म्हटलं, "फेकायचीच तर काढायची कशाला?"

"चित्रकार पण हेच ओरडायचे!"

मला अजून कळलेलं नाही.

*

चित्रं वेळेवर यायचीच नाहीत. पण आवाज तर भरायचा! मग हा कोऱ्या फिल्मवर रेघा मारायचा. लाल रेघ दिसली की हिरॉइनने बोलायचं, निळी दिसली की राक्षसाने. हिरॉइनचा आवाज देणारी एक बाई लाल रेघ बघून ढसाढसा रडली म्हणे.

"रेघ बघून?"

"हो. नंतर चित्र आलं तर म्हणाली, रेघच बरी होती!"

*

हिरो पळतानाचा तुकडा एकच. दर आठवड्याला तोच चिकटवायचे, कधी उलटा फिरवून. म्हणजे तलवार आज उजव्या हातात, पुढच्या आठवड्यात डाव्या!

"कुणी विचारलं नाही?"

"एका पोराने पत्र लिहिलं. मोठा झाल्यावर त्याला नोकरीच दिली. तोंड बंद!"

*

मग एके दिवशी तानाका स्वतःहून पेनड्राइव्ह घेऊन वसंतरावांच्या घरी आला. टीव्हीवर लावलं. वहिनी वळली आणि थांबली. नुसती बघतेय.

मी म्हटलं, "अडकलं रे तुझं!"

"गप्प बस. चित्रं कमी पडली की आम्ही एकच चित्र धरून ठेवायचो. लोकांना वाटायचं, ती विचार करतेय."

वहिनी बघतेय. आम्ही बघतोय. खोकायचीही चोरी.

वसंतराव खुर्चीत चुळबुळले, आणि एकदम वैतागून टीव्हीला म्हणाले, "अगं हो, घेतली सकाळची गोळी!"