छेदातला क्ष
नातीने अभ्यासाला फळा आणलाय, आणि खडूच्या वासाने मी थेट नारायण पेठेतल्या आमच्या शाळेत पोचते. तिथे मुलं बीजगणित घेत आणि मुली गृहशास्त्र. मला बीजगणितच हवं होतं, पण फॉर्मवर गणिताच्या सरांची सही लागे. सरांनी फळ्यावर दोन अपूर्णांक समान म्हणून मांडले. दोन्हींच्या छेदात क्ष वजा दोन, वर एकीकडे क्ष, दुसरीकडे दोन. "सोडव, मग सही करतो." मी ऐटीत छेद उडवले, 'क्ष बरोबर दोन' लिहिलं आणि वेणी मागे टाकून वर्गाकडे असं पाहिलं, जणू बीजगणित आमच्याच घरात जन्मलं. सर म्हणाले, "आता तो दोन छेदात घाल." छेद शून्य झाला. मुलं फिदीफिदी हसली. "अहो बाई, गृहशास्त्रात शून्याने भागावं लागत नाही," सर शांतपणे म्हणाले. मी दोन पुसून तिथे 'उत्तर नाही' लिहिलं. "सर, हेच उत्तर. या हसणाऱ्यांपैकी कोणी दुसरं काढून दाखवावं, मी आत्ता गृहशास्त्र घेते." हसणारे वह्यांत डोकी खुपसू लागले. सरांनी फॉर्म ओढून सही केली. घरी मी सांगितलं, गणित पहिल्या फटक्यात सुटलं. आज नातीलाही तेच सांगितलंय, आणि उद्या विचारलं तरी तेच सांगेन.