रॉकेल डेपोचं वळण

बाहत्तरचा दुष्काळ सरला होता त्या वर्षातली गोष्ट. सांगलीत शुक्रवार उजाडला की गल्लीगल्लीतून केरबाचा आवाज यायचा. थेटरात नवा सिनेमा लागायचा आणि केरबा पत्र्याचा भोंगा तोंडाला लावून गावभर त्याची वर्दी द्यायचा. मोठ्या थेटरांना टांगे होते, टांग्यांवर लाउडस्पीकर होते. केरबाचं थेटर गरीब. खुर्च्यांत ढेकूण, पडद्याला ठिगळ. त्या मालकाला टांगा परवडत नव्हता, केरबा परवडत होता.

पण केरबाच्या छातीत जो भाता होता तो कुठल्याच लाउडस्पीकरला नव्हता. हळदीच्या पेठेत त्यानं हाक टाकली की वखारीतले हमाल पाठीवरचं पोतं तसंच धरून उभे राहायचे. सिनेमाची गोष्ट तो आपल्या मनानं सांगायचा. सिनेमात एक मारामारी असली तर केरबा तीन लावून द्यायचा, आणि नायिकेच्या वाट्याला गावाकडची खाष्ट सासू हमखास यायची. लोक सिनेमा बघून बाहेर पडले की म्हणायचे, केरबानं सांगितलेला बरा होता.

एवढा बोलका माणूस, पण भोंगा खाली ठेवला की मुका. अंगानं किडकिडीत, मान खाली घालून चालणारा. घरी आल्यावर बायको राहीबाई भाकरी थापता थापता विचारायची, "आवं, आज काय झालं बाजारात?" केरबा चपला काढत म्हणायचा, "कायबी न्हाई." मग राहीबाईचा पट्टा सुरू व्हायचा. "समदं गावात सांडून येतासा आन घरी रिकामा डबा आणतासा." केरबा हसायचा आणि ताटावर बसायचा.

नोकरी लागली त्या दिवशी थेटरच्या मॅनेजरनं त्याला वाट आखून दिली होती. पेठ, वखारभाग, गावभाग, आणि शेवटी रॉकेलचा डेपो. डेपोपाशी वळायचं आणि परत फिरायचं. "पलीकडं जायचं काम नाही. ती वस्ती काय, सांगितलं नाही तरी येते सिनेमाला," मॅनेजर म्हणाला होता. पलीकडची वस्ती म्हणजे केरबाचीच. नदीच्या अंगाला उतरत गेलेली घरं, छप्पन्न साली सगळ्यांनी मिळून दीक्षा घेतलेली, दारात निळं निशाण. केरबाचं घर तिथं आहे हे मॅनेजरला पक्कं ठाऊक होतं. म्हणूनच तो इतक्या गोड आवाजात बोलला. केरबा "व्हय साहेब" म्हणाला आणि तेव्हापासून दर शुक्रवारी डेपोपाशी वळत राहिला.

वस्तीत त्याचा चुलता अर्जुना राहायचा. दीक्षेनंतरच्या वर्षांत अर्जुनाच्या जलशानं गावंच्या गावं जागवली होती. ढोलकी त्याची, गाणी त्याचीच, आणि पुढचा गळा केरबाच्या बापाचा. मग पोरं कुपवाडच्या नव्या कारखान्यांत लागली, पाळ्या करून दमून यायला लागली, आणि जलसा बंद पडला. अर्जुना म्हातारा झाला, पण जीभ तरणी राहिली होती. केरबा दिसला की तो हटकून म्हणायचा, "काय रं, समद्या सांगलीला हाका मारतोस. आपल्या दारात तुझा भोंगा कवा वाजायचा?" ते बोलणं त्याला लागायचं, आणि लागलं तरी तो पुढच्या शुक्रवारी वळायचाच.

त्या हिवाळ्यात सांगलीत तरुण पोरापोरींचं शिबिर भरलं होतं. कुणी साताऱ्याकडची, कुणी शिरवळची. त्यांना घेऊन आलेले सोपान सर साताऱ्याच्या शाळेत मास्तर. त्यांनी पेठेत केरबाचं वर्दी देणं ऐकलं आणि त्याला चहाला थांबवलं.

"गणपतीचं देऊळ आणि नदीवरचा पूल पोरं आपलीआपण बघतील," सर म्हणाले. "तुम्ही आम्हाला दुसरी सांगली दाखवा. जी गाते, नाचते, सोंगं काढते आणि कुणाच्या ध्यानात नसते ती."

केरबानं तोंडाशी नेलेली बशी खाली ठेवली. असं त्याला आजवर कुणी काही मागितलं नव्हतं. तो म्हणाला, "आइतवारी दुपारी या. दावतो."

संध्याकाळी तो थेट अर्जुनाच्या दारात गेला. "तात्या, आइतवारी मी मानसं घेऊन येतो. शिकली-सवरलेली पोरं हायत. शेवट आपल्या वस्तीत. जलसा लावा."

अर्जुनानं खुंटीवरच्या ढोलकीकडं बघितलं. "येतील का पर?"

"आणतो म्हनलं न्हवं."

बस्स, वस्तीला उधाण आलं. रविवारी सकाळीच अंगणं सारवली, घोंगड्या झटकल्या, कुपवाडच्या पोरांनी पाळ्या बदलून घेतल्या. अर्जुनानं खुंटीवरची ढोलकी काढून दोऱ्या ताणल्या. राहीबाईनं शेजारपाजारचे कप गोळा केले, एकसारखे दिसावेत म्हणून दोनदा मांडले आणि दोनदा उचलले. नवऱ्याच्या मागून कोणकोण येणार, ते कप तोंडाला लावतील का, हा प्रश्न तिच्या मनात होता. तो तिनं कुणाला विचारला नाही.

दुपारी फेरी निघाली. केरबा पुढं, भोंगा काखेत, मागं सोपान सर आणि पोरंपोरी. हळदीच्या पेठेत हमालांचं सोंगी भजन बसलं होतं. अंगाखांद्यावर हळद माखलेले गडी, त्यातला एक लुगडं नेसून सुनेचं सोंग घेऊन आलेला, आणि सासूचं काम करणाऱ्याला मिशा. पोरं हसून हसून बेजार झाली. तिथून गुंडा पेंटरच्या खोपटात. गुंडा नाटकाचे पडदे रंगवायचा. त्याच्याकडं एक राजवाडा, एक रस्ता आणि एक जंगल, एवढ्यावर पंचक्रोशीतल्या सगळ्या जत्रांची नाटकं चालत. "औंदा जंगलाला लय मागणी," गुंडा म्हणाला, "वाघाचा डोळा मातूर एका गावच्या पोरांनी फोडलाय." त्यानं पडदा सोडून दाखवला. वाघ खरंच एका डोळ्यानं बघत होता.

मग बनाबाई. तारुण्यात फडावर नाचलेली बाई, आता शिलाई मशीनवर फडातल्या पोरींची कापडं शिवत होती. शिबिरातल्या येसू नावाच्या पोरीनं भीतभीत विचारलं, "तुम्हाला नाच सोडल्याचं वाईट वाटतं का?" बनाबाई दोरा दातानं तोडत म्हणाली, "पाय थांबलं गं. आतलं कुठं थांबतंय?" येसूनं मान हलवली आणि तिच्या शेजारी जमिनीवर बसली. केरबा दाराशी उभा राहून ऐकत होता. आपण हे गाव रोज तुडवतो, पण उभं राहून कधी बघितलं नाही, असं त्याला वाटलं आणि बरं वाटलं.

उन्हं कलली. केरबाच्या तोंडाला आता धार आली होती. कुठल्या तालमीत कोण घुमायचा, कुठल्या गल्लीत कुणाचा तमाशा उतरायचा, तो सांगत होता आणि पोरं त्याच्या भोवती गोळा होऊन चालत होती. बोलता बोलता डेपो आला. बोलता बोलता पाय वळले.

पाय वळले, माणसं वळली, आणि केरबा बोलतच राहिला. डेपोच्या पलीकडं, हाकेच्या अंतरावर, अर्जुना वाट बघत उभा होता. त्याच्या मागं सगळी वस्ती. त्यांनी घोळका येताना बघितला, घोळक्याच्या पुढं आपला केरबा बघितला, आणि मग त्या सगळ्यांच्या पाठी बघितल्या.

घाटावर पोचल्यावर पोरं पायऱ्यांवर टेकली. कृष्णा संथ वाहत होती. सर म्हणाले, "केरबा, आज तुम्ही आमचे डोळे उघडलेत." केरबा सुखावला. तेवढ्यात येसूनं चपलेतला खडा काढत सहज विचारलं, "काका, तुम्ही राहता कुठं?"

केरबाच्या डोळ्यांपुढं सारवलेली अंगणं आली. मांडलेले कप दिसले. तो पायरीवर बसला. सवय म्हणावी तर सवय होती, पायांना तेवढीच वाट माहीत. पण नुसती सवय नव्हती, हे त्याला त्या क्षणी कळलं. ही शिकलेली पोरं आपल्या दारात आल्यावर नाक मुरडतील, ही भीती सकाळपासून पोटात होती. पायांनी ती बरोबर ओळखली. मॅनेजरनं आखलेली वाट त्यानं स्वतःच्याही मनात आखून घेतली होती. त्याला स्वतःची लाज वाटली, आणि लाजेपेक्षा राग जास्त आला.

तो उठला. "सर, चुकलं माझं. शेवट ऱ्हायलाय. मागं जायचं, डेपोच्या पलीकडं. माझ्या वस्तीत. लोक वाट बघत्यात."

सरांनी घड्याळ बघितलं. शिबिरात जेवणाची वेळ होत आली होती, दोन पोरं लंगडत होती. सर क्षणभर घुटमळले. येसूनं चपला पायात अडकवल्या आणि म्हणाली, "चला की सर." मग सगळे उठले.

डेपोपाशी आल्यावर केरबाचा वेग कमी झाला. वळणाच्या पलीकडं टाकलेलं पाऊल तो एकटा असताना रोज टाकायचा तेच होतं, पण आज जड होतं. वस्तीत सामसूम. घोंगड्या गुंडाळल्या होत्या. चहा उकळून काळा पडला होता. अर्जुना दारात पाठमोरा बसला होता आणि ढोलकी खुंटीवर गेली होती. राहीबाईनं नवऱ्याकडं बघितलं आणि नजर काढून घेतली. तिनं चार शिव्या दिल्या असत्या तर केरबाला बरं वाटलं असतं.

माफी मागायला त्याला शब्द सुचेनात. घरात कधी सुचतच नसत. मग त्यानं काखेतला भोंगा काढला आणि तोंडाला लावला.

"ऐका हो, समद्यांनी ऐका. आज या वस्तीत जलसा हाय. ढोलकीवर अर्जुनातात्या. ह्या ढोलकीनं तासगावापासनं मिरजंपातूर मानसं जागी केल्यात. टाळावर कुपवाडची पोरं, पाळी सोडून आल्यात. आन चहा राहीबाईच्या हातचा. ह्यो खेळ लय दिसांनी लागलाय आन वर्दी द्यायला केरबाला उशीर झालाय. त्येला पदरात घ्या आन भाईर या."

आवाज नदीपर्यंत गेला. दारं उघडली. केरबाच्या आवाजाची कीर्ती राहीबाईनं बाजारच्या बायकांकडून ऐकली होती, पण तो आवाज आज पहिल्यांदा आपल्या दारात ऐकला. त्यात आपलं नाव ऐकून ती गडबडली, डोळ्यांना पदर लावला आणि चुलीकडं वळून नवं आधण ठेवलं.

अर्जुना उठला. त्यानं हात वर करून खुंटीवरची ढोलकी काढली.

पोरं घोंगड्यांवर बसली. कप आले. सोपान सरांनी पहिला घोट घेतला, येसूनं दुसरा कप मागितला, तेव्हा राहीबाईचा जीव भांड्यात पडला. अर्जुनानं दुष्काळात खडी फोडताना रचलेलं गाणं काढलं, आणि कुपवाडच्या पोरांनी ते उचललं.

"रस्ता आमी केला गड्या, त्यावरनं तू चाल,
आमच्या दारी टेक घडीभर, मग म्होरं चाल."

जेवणाची वेळ टळून गेली तरी कुणी उठलं नाही. शेवटी अर्जुनानं घाम पुसला आणि केरबाला म्हणाला, "वळलास तवा लय राग आला हुता रं." मग ढोलकीवर एक थाप मारून म्हणाला, "पर आवाज बापावर गेलाय तुझा."

पुढच्या शुक्रवारी केरबा डेपोपाशी वळला नाही. वस्तीतनं भोंगा वाजवत गेला, सिनेमात एक मारामारी होती, तिथं चार लावल्या. मॅनेजरच्या कानावर गेलं तेव्हा त्यानं हटकलं. केरबा म्हणाला, "साहेब, तिकडंबी कान हायत." मॅनेजर पुटपुटला, पण असा गळा दुसरीकडं मिळणार नव्हता, आणि हे दोघांनाही माहीत होतं.

त्या रात्री भाकरी थापता थापता राहीबाईनं नेहमीसारखं विचारलं, "आवं, आज काय झालं बाजारात?"

केरबानं चपला काढल्या, भोंगा खुंटीला लावला आणि चुलीपाशी बसून सांगायला सुरुवात केली.