थोराड हात

पिंपरी पेंढारला लहानपणी मला कोणी काळी म्हटलं, तर मी त्याला उभं आडवं घेत असे. पण हातांना नावं ठेवली की माझी वाचाच बसायची. पंजे रुंद, बोटांची पेरं जाड. खुरप्याला झकास, मिरवायला कुचकामी. पाव्हणेरावळे आले की मी ते परकराच्या घोळात लपवून बसे.

खरी फजिती व्हायची ती बांगड्या भरताना. थोरल्या बहिणीच्या लग्नात जुन्नरचा मणेर हिरवा चुडा भरायला आला. घरच्या सगळ्या बायकापोरी ओसरीवर त्याच्यापुढे बसल्या. माझ्याच वयाच्या चुलतबहिणीच्या हातात बांगड्या सरसर चढल्या. माझा हात मात्र त्याने दाबून पाहिला आणि शेजारची माळ ओढली, मोठ्या बायकांच्या मापाची.

"अगं बया! ही तर औत धरायची," आत्या म्हणाली. सगळ्या खदखदून हसल्या. माझं डोकंच फिरलं.

"मला तिच्यावानीच पायजेत," मी म्हटलं.

"न्हाई जायच्या, पोरी. लई दुखंल."

"दुखू दे."

बिचाऱ्याने तेलाचं बोट लावलं, अंगठा आत मुडपला आणि जोर केला. पहिलीच बांगडी कडकन गेली, काच रुतली, रक्त आलं. हसणं थांबलं. लग्नघरात बांगडी फुटली म्हणायचीही चोरी. "वाढिवली, वाढिवली," मणेर घाईघाईने म्हणाला, पण आत्याचा चेहरा उतरायचा तो उतरलाच. नवरीचे डोळे भरून आले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

तेवढ्यात चुलीपासून आई उठून आली. तिने पदराने माझं रक्त टिपलं. एरवी ती सगळ्या बायका उठून गेल्यावर, ओसरी रिकामी झाली की मग बांगड्या भरायला बसे. कामातून सवड होत नसेल, असं मी समजत होते. त्या दिवशी ती सगळ्यांदेखत माझ्याशेजारी बसली आणि मणेरापुढे हात धरला. रुंद पंजा, जाड पेरं.

"आमा मायलेकींला मोठ्या माळंतल्या भरा, भाऊ," ती म्हणाली.

 मी तिचा तो हात पकडला, आणि बांगड्या भरायला सोड असं मणेराने म्हणेपर्यंत सोडला नाही.