मृणालचं चित्र घेऊन मांजरीला

हिंजवडीहून मांजरी म्हणजे शहराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. तरी शनिवारी सकाळी सातलाच निघाले, कारण बोलावणं सिनेमाच्या सेटवरून होतं. जुन्या काळातल्या दोन बायका एकमेकींमुळे चित्रं काढू लागतात आणि प्रेमात पडतात, अशी गोष्ट. त्यातल्या एकीच्या चित्रांसाठी मी नमुने पाठवले होते. त्यांना नेमकं एकच आवडलं, वेणी घालणाऱ्या पाठमोऱ्या मुलीचं. ते कॉलेजात असताना मृणालने काढलं होतं. पाठवताना मी तिचं नाव सांगितलं नाही.

तुम्ही जाणार असाल तर स्वतःची गाडी काढू नका. हिंजवडीतून बाहेर पडतानाच जीव मेटाकुटीला येतो. बस बदलत हडपसर गाठा, पुढे शेअर रिक्षा मिळते. मांजरीत नव्या इमारतींच्या मागे अजून ऊस उभा आहे. रसवंतीवर दोन ग्लास रस प्यायले. तिथल्या मावशींनीच वाट दाखवली, "त्या पत्र्याच्या शेडमागं हाय बघा."

सेटवर कलेची बाजू सांभाळणाऱ्या साठीच्या बाई होत्या. तेच चित्र कॅमेऱ्यासमोर पुन्हा काढा, म्हणाल्या. उकाड्याने मी केस वर बांधले आणि बसले. त्या चित्र हातात धरून माझ्या मागे आल्या.

"अहो, मानेवरचा हा तीळ चित्रातही आहे. स्वतःची मान मागून बघायची सोय आहे वाटतं आपल्याकडे?"

मेल्याहून मेल्यासारखं झालं. खरं काय ते सांगितलं. ओरडल्या नाहीत. जिने काढलंय तिला गुरुवारी पाठवा, एवढंच म्हणाल्या.

परतीला मिसळीचा बेत होता, तो सोडून दिला. थेट नारायण पेठेत मृणालकडे गेले. ती आता शाळेतल्या मुलांच्या गणिताच्या शिकवण्या घेते. सगळं सांगून टाकलं आणि बोलणी खायची तयारी ठेवली.

"त्यांना खरंच आवडलं?" तिने विचारलं. "तूच म्हणाली होतीस ना, माझ्या हातात काही नाही म्हणून?"

म्हणाले होते. तेव्हा आम्ही एका खोलीत राहायचो, माझं तिच्यावर प्रेम होतं, आणि तिचं चित्र माझ्यापेक्षा सरस झालेलं मला सहन झालं नव्हतं. त्यानंतर तिने पेन्सिल सोडली. मी चित्र मात्र जपून ठेवलं. चोरीपेक्षा मला त्या बोलण्याचीच जास्त लाज वाटते.

घरी पोहोचेपर्यंत तिचा मेसेज आला होता, मांजरीला कसं जायचं. वाट लिहून पाठवली आणि सोबत येऊ का, विचारलं.

"नको. तू मागे उभी असलीस की माझा हात चालत नाही."