रबरी कातड्यातला तोशिओ

तोशिओ गेल्याचं मला अंधेरीत, मेकअपच्या खुर्चीत बसलो असताना कळलं. त्याच्या बायकोचं पत्र आलं होतं. फुप्फुसं कामातून गेली होती म्हणे... माझ्या गालावर खोटं रक्त लावणाऱ्या मेकअपदादांचा हात तिथंच थांबला.

पंधरा वर्षं तो जपानी सिनेमांतला राक्षस होता. कधी परग्रहावरचा सरडा, कधी समुद्रातून उठणारा सहा हातांचा देव. रबरी कातडं प्रसिद्ध, आतला माणूस कुणालाच ठाऊक नाही. आमच्या निर्मात्याने त्याला बोलावलं ते एक शब्द देऊन: शेवटच्या मारामारीत मुखवटा फुटेल आणि पडद्यावर तुझा चेहरा दिसेल. "एकदाच," एक बोट वर करून तो आम्हा फायटर लोकांना मोडक्या हिंदीत सांगायचा, "आई बघेल."

मी हीरोचा डुप्लिकेट. एका दुपारी स्पंजची गदा फाटली. दिग्दर्शक म्हणाला, "लोखंडी घे ना यार. त्याच्या अंगावर रबर आहे, काय होतंय?" कातडं छातीवर जाड होतं, काखेखाली पातळ. मला माहीत होतं, कारण रोज ते त्याच्या अंगावर मीच चढवायचो. पण नाही म्हटलं असतं तर उद्या दुसरा डुप्लिकेट आला असता. मी मारलं. आतून कडकन आवाज आला. तो गुडघ्यावर कोसळला, उठला आणि पंजा हलवून खूण केली, पुन्हा. मी पुन्हा मारलं. मग तिसऱ्यांदा. मुखवटा काढला तेव्हा त्याच्या तोंडातून रक्त येत होतं. खरं.

दोन बरगड्या मोडल्या होत्या, एक फुप्फुसात घुसली होती. हॉस्पिटलात मी म्हटलं, "तिथं पातळ आहे, मला माहीत होतं रे."

"मलापण," तो म्हणाला. "तू घाबरलास. घाबरलं की हात खाली येतो. बेधडक मारलं असतंस तर छातीवर बसलं असतं."

तो त्याच जखमेने गेला का, हे मी अजून कुणाला विचारलेलं नाही.

शूटिंग थांबणार नव्हतं. राक्षसाचं कातडं चढवून शेवटचा सीन मला दिला. फुटक्या मुखवट्यातून पडद्यावर बाहेर आला तो माझा चेहरा. छातीला पट्टा आवळून तोशिओ सेटवर आला आणि त्याने मला मरायला शिकवलं. "डोळे मिटू नको. मिटलेस तर लोकांना वाटेल, झोपलास." त्या एका मरणावर मला पुढची कामं मिळाली. तो घरी परतला, पुन्हा रबरात शिरला.

परवा स्टुडिओच्या गोदामात गेलो. ते कातडं खुंटीला लटकत होतं, शेपूट उंदरांनी खाल्लेलं. उलटं करून पाहिलं, तर दोन्ही काखांखाली कापसाचे जाड थर, त्यावर निळ्या सुती कापडाच्या पट्ट्या. खोलीवर तो जो झगा घालायचा, त्याच्याच. टाके वाकडे, मध्येच सुटलेले, धाप लागलेल्या माणसाने घातलेले...

त्या शेवटच्या सीनला हीरोने मला लोखंडी गदेनेच बडवलं होतं. आणि नंतर चहा पिताना मी सगळ्यांना सांगत होतो, आपल्याला काही लागत नाही.